पुरात गेलेली वीस अक्षरं

ऑगस्ट २०१९ मध्ये सांगलीच्या आयर्विन पुलापाशी कृष्णेची पातळी ५७ फुटांच्या वर गेली. तिथे धोक्याची पातळी ४५ फूट मानतात, त्यावरून गावभागातल्या आमच्या तळमजल्याचं काय झालं असेल ते सांगायला नको. पाणी ओसरल्यावर गाळातून जे निघालं त्यात लाकडी कपाटाच्या खालच्या कप्प्यातली प्लॅस्टिकची एक डबी होती. धाकट्या भावाचा जीव की प्राण असलेला संगणकावरचा गाड्यांच्या शर्यतींचा खेळ, ‘नीड फॉर स्पीड : मोस्ट वाँटेड’. डीव्हीडी नळाखाली धरली आणि स्वच्छ निघाली. तिचा चकाकणारा थर प्लॅस्टिकच्या दोन चकत्यांच्या मध्ये बंद असतो, पाण्याला तिथे शिरकाव नसतो. सोबतच्या माहितीपुस्तिकेचा मात्र लगदा झाला होता आणि खेळाची प्रॉडक्ट की तिच्याच मागच्या कव्हरवर होती. चार-चारच्या पाच गटांत वीस अक्षरं. पहिला गट कसाबसा वाचता येत होता, पुढे नुसता चिखल.

त्या दिवसांत प्रॉडक्ट कीची चिंता करणारं माणूस सांगलीत कुणी नसावं. पुस्तिकेचा तो तुकडा मी उन्हात वाळवला आणि डबीत परत घातला, इतकंच. डीव्हीडी आई गच्चीवर कबुतरं हाकलायला टांगणार होती, ती थोडक्यात वाचली.

पुढे एका दिवाळीत टोरांटोहून भावाचा फोन आला. त्याच्या मुलाला आता गाड्यांचं वेड लागलं होतं आणि बापाने त्याला निळ्या-चंदेरी बीएमडब्ल्यू एम-थ्री जीटीआरच्या इतक्या गोष्टी सांगितल्या होत्या की पोराला तोच खेळ हवा होता, तसला दुसरा चालणार नव्हता. “ताई, डबी आहे न्हवं? मग की बघ की.”

मी त्याला लगद्याचा फोटो पाठवला. त्यावर त्याने उत्साहाने हिशेब करून कळवलं की इंग्रजी अक्षरं आणि आकडे मिळून छत्तीस चिन्हं धरली, तर उरलेल्या सोळा जागा भरायचे मार्ग आठावर चोवीस शून्यं इतके होतात. अभियंत्यांचं हे बरं असतं, काम दुसऱ्याचं आणि आकडेमोड यांची.

ही की एवढी महत्त्वाची का, हे आजच्या मुलांना सांगावं लागतं. ती टाकल्याशिवाय खेळ बसतच नसे. ‘मोस्ट वाँटेड’ २००५च्या नोव्हेंबरात आला. आमच्याकडे तो आला २००६ मध्ये, भावाची दहावी झाल्यावर. तेव्हा गावात सगळ्यांकडे हा खेळ होता आणि जवळजवळ सगळ्यांकडे चोरीचा होता. कोऱ्या सीडीवर स्केचपेनने नाव लिहिलेलं, किंमत वडापावच्या चार-पाच प्लेटांएवढी. बाबा बँकेत होते. पावतीशिवाय घरात वस्तू आणायची नाही हा त्यांचा नियम सुईदोऱ्यापासून फ्रीजपर्यंत सारखा लागू होता. पुण्यात डेक्कनवरच्या एका दुकानातून त्यांनी जवळजवळ हजार रुपये मोजून अस्सल खेळ घेतला, तेव्हा भावाचे मित्र तो डबा बघायला आले होते. खेळ नव्हे, डबा.

ती पावती आजही आहे. बाबांच्या फायली वरच्या मजल्यावर असतात, पूर तिथवर आला नाही. तारीख, दुकानाचा शिक्का, रक्कम, सगळं आहे. पण की पावतीवर नसते. ती डीव्हीडीवरही नसते, कारण कारखान्यात एकाच साच्यावरून डिस्का दाबून काढतात, लाखभर डिस्का अक्षरन् अक्षर सारख्याच. प्रत्येक गिऱ्हाइकाची वेगळी म्हणून जी काही ओळख द्यायची ती मग कागदावरच छापावी लागते. म्हणजे हजार रुपयांच्या मालातला तुमच्या एकट्याचा म्हणावा असा भाग कोणता, तर घरात सगळ्यात आधी हरवणारा कागद. हा बंदोबस्त ज्याने आखला त्याच्या घरी रद्दीवाला कधी आला नसावा.

“चोरीच्या कीज ढिगाने मिळतात, एक टाकून दे,” असं ऑफिसातला मुलगा म्हणाला. मी लोकांची जीएसटीची विवरणपत्रं भरते. त्या लॅपटॉपवर कुणी बनवलाय ते ठाऊक नसलेला की-जनरेटर चालवणं म्हणजे गिऱ्हाइकांचे पासवर्ड चव्हाट्यावर ठेवणं. व्हायरस पसरवणाऱ्यांचं ते जुनं आवडतं वाहन आहे. आणि खरं सांगायचं तर मलाही आता तीच, आमची, पावती फाडून घेतलेली वीस अक्षरं हवी होती.

ती आणखी एका जागी असणार होती. खेळ बसवताना आपण की टाइप करतो, तेव्हा खेळ ती विंडोजच्या रजिस्ट्रीत नोंदवून ठेवतो. रजिस्ट्री म्हणजे संगणकाची खतावणी, प्रत्येक सॉफ्टवेअरचं त्यात पान असतं. हा खेळ बनवणाऱ्या कंपनीच्या त्या काळच्या खेळांत की खेळाच्या नावाखालच्या ‘ईआरजीसी’ नावाच्या नोंदीत असते, तीही उघड्या अक्षरांत, मधल्या रेघा गाळून. काही कंपन्या ती सांकेतिक रूपात लपवतात, मग उलगडायला वेगळं साधन लागतं. आमचं नशीब तेवढं बरं.

जुना संगणक माळ्यावर होता. विंडोज एक्सपीचा, पांढऱ्याचा पिवळा झालेला. २००७च्या पावसाळ्यात वीज कडाडली, आतून वास आला, आणि बाबांनी “बारावी होऊ दे, मग बघू” म्हणून तो वर टाकला. बारावीनंतर लॅपटॉप आला आणि हा तिथेच राहिला.

मारुती चौकाजवळ एक दुरुस्तीवाले आहेत, पुरात त्यांचं स्वतःचं दुकान धुऊन निघालं होतं. त्यांनी कॅबिनेट उघडलं, पॉवर सप्लाय हुंगला आणि म्हणाले, “एसएमपीएस गेलाय. पण ताई, मशीन आधी चालू करू नका. हार्ड डिस्क काढा, वाचा, कॉपी घ्या. मग काय ते.” हा सल्ला सोन्याचा ठरला, त्याचं कारण पुढे येईल. डिस्क जुन्या आयडीई पद्धतीची होती, रुंद चपट्या केबलची. त्यांनी ती यूएसबीला जोडायचा कन्व्हर्टर दिला, वेगळ्या अॅडॉप्टरसकट, कारण अशा डिस्कला लागणारी १२ व्होल्टची वीज यूएसबीतून मिळत नाही. जोडली, तर ती आधी शिट्टीसारखा आवाज करत फिरायला लागली आणि मग माझ्या लॅपटॉपवर एक नवा ड्राइव्ह उगवला. आत भावाचे नोट्स, ट्रिपचे फोटो, ‘न्यू फोल्डर’ नावाचे असंख्य फोल्डर.

रजिस्ट्री ही मुळात काही फायलींत साठवलेली असते. सॉफ्टवेअरची नोंद ‘विंडोज’मधल्या ‘सिस्टिम ३२’च्या आत ‘कॉन्फिग’ फोल्डरमध्ये, ‘सॉफ्टवेअर’ याच नावाच्या फायलीत. त्या नावापुढे टिंब आणि तीन अक्षरं नसतात, म्हणून ती डबल क्लिकने उघडत नाही. आपल्या लॅपटॉपवर रजिस्ट्री एडिटर सुरू करायचा, ‘लोकल मशीन’ निवडायचं, फाइल मेनूतून ‘लोड हाइव्ह’ म्हणायचं आणि जुन्या फायलीची प्रत दाखवायची. तात्पुरतं काहीतरी नाव मागतं, मी ‘माळा’ दिलं. मग मेलेल्या संगणकाची सगळी नोंद आपल्या पडद्यावर उलगडते. काम झालं की ‘अनलोड’ करायला विसरायचं नाही.

कंपनीचं नाव सापडलं. त्याखाली खेळाचं नाव नव्हतं.

टोरांटोत सकाळ व्हायची वाट बघून फोन केला. बराच वेळ गप्प राहून भाऊ म्हणाला, बारावीचं वर्ष सुरू झालं तेव्हा बाबांनी खेळ काढायला लावला होता. याने तो आज्ञाधारकपणे काढला, आणि वर रजिस्ट्री साफ करणारं एक सॉफ्टवेअरही फिरवलं. त्या काळी त्याने संगणक पळायला लागतो अशी पोरांची श्रद्धा होती. बाबा शेजारी चहा पीत होते. “मी खेळ काढ म्हटलं होतं, पावती फाड म्हटलं नव्हतं,” एवढंच बोलले.

‘विंडोज’मध्येच ‘रिपेअर’ नावाच्या फोल्डरात रजिस्ट्रीची एक राखीव प्रत असते, तीही उघडली. पण ती विंडोज बसवलं त्या वेळची, आमच्या घरात खेळ यायच्या कितीतरी आधीची. निराश होऊन दुरुस्तीवाल्यांना सांगितलं, तर ते हसले. “रिस्टोअर पॉइंट बघितला का?”

एक्सपीला एक चांगली खोड होती. काही बसवलं, काढलं किंवा दिवस उलटला की ते स्वतःच संपूर्ण रजिस्ट्रीचा एक ठसा घेऊन ठेवायचं, पुढे बिघाड झाला तर मागे जाता यावं म्हणून. हे ठसे ‘सिस्टिम व्हॉल्यूम इन्फर्मेशन’ या दडवलेल्या फोल्डरात असतात. तो फोल्डर सहज दिसत नाही, दिसला तरी उघडत नाही, त्याची मालकी आधी आपल्या नावावर करून घ्यावी लागते. आत ‘आरपी’ आणि पुढे आकडा अशा नावांचे फोल्डर, त्यात ‘स्नॅपशॉट’, आणि त्यात ‘रजिस्ट्री मशीन सॉफ्टवेअर’ अशा लांबलचक नावाची फाइल. एक्सपी हे ठसे साधारण ९० दिवस ठेवतं आणि मग जुने पुसत जातं. आमचा संगणक खेळ काढल्यावर काही आठवड्यांतच वीज पडून बंद झाला, त्यामुळे पुसायला कुणी उरलंच नाही. “मशीन आधी चालू करू नका” या सल्ल्याची किंमत मला तेव्हा कळली. पुन्हा सुरू झालं असतं, तर त्याने पहिलं काम झाडलोटीचं केलं असतं.

सगळ्यात जुना ठसा उघडला. ‘माळा’ या नावाखाली कंपनी, कंपनीखाली खेळ, खेळाखाली ‘ईआरजीसी’, आणि उजव्या बाजूला एका ओळीत मोठ्या लिपीतली इंग्रजी अक्षरं. मी डबीतला तो वाळलेला तुकडा काढून दिव्याखाली धरला. पहिली चार अक्षरं तीच होती. रात्री उशीर झाला होता तरी मी बाबांना उठवून दाखवलं. त्यांनी चष्मा लावून अक्षरं मोजली, वीस भरली तेव्हा मान हलवली आणि झोपायला गेले.

की मिळाली म्हणजे खेळ मिळाला असं मला वाटलं होतं. माझ्या विंडोज १० वर डीव्हीडी घातली, की विनातक्रार स्वीकारली गेली, कारण बसवताना डीव्हीडी इंटरनेटवर कुणाला विचारत नाही, अक्षरांचं गणित स्वतःच तपासते. खेळ बसला, पण सुरू होईना. त्या काळच्या कित्येक खेळांना कीखेरीज दुसरंही कुलूप असे. डिस्क अस्सल आहे की नक्कल केलेली, हे ‘सेफडिस्क’ नावाची व्यवस्था दर वेळी तपासायची, आणि त्यासाठी विंडोजच्या गाभ्यात तिचा एक ड्रायव्हर लागायचा. त्यात सुरक्षेची भगदाडं निघाली. २०१५ मध्ये विंडोज १० आलं ते त्याच्याविनाच, आणि त्याच वर्षी जुन्या विंडोजमध्येही तो अपडेटने बंद केला गेला. निर्णय बरोबरच होता, गाभ्यात भोक ठेवून कुणी राहत नाही. पण त्यामुळे चोरीची, कुलूप तोडलेली प्रत आजच्या संगणकावर खुशाल चालते आणि पावतीवाली अडते. ज्यांनी चोर ठरू नये म्हणून हजार रुपये मोजले, त्या बाबांना हे समजावून सांगायचं मी टाळलं.

शेवटी माळ्यावरचाच संगणक उभा केला. नवा एसएमपीएस, मदरबोर्डवरचा नाण्याएवढा सेल, ऑफिसातला जुना मॉनिटर. इंटरनेट जोडलं नाही, एक्सपीला सुरक्षेचे अपडेट मिळणं एप्रिल २०१४ मध्येच थांबलंय. डीव्हीडी घातली, वीस अक्षरं टाइप केली. ‘माय डॉक्युमेंट्स’मध्ये भावाची खेळी तशीच होती, खेळ काढताना ती कुणी पुसत नाही. ब्लॅकलिस्टमध्ये, म्हणजे हरवायच्या प्रतिस्पर्ध्यांच्या यादीत, पाचव्या नंबरच्या वेबस्टरपाशी तो अडकून पडला होता, बारावीपर्यंत.

भाचा डिसेंबरात येणार, तोवर वेबस्टरला कुणी हात लावायचा नाही अशी टोरांटोहून ताकीद आली. म्हणून मी माझ्या नावाने नवी खेळी उघडली. इतक्या वर्षांत या घरात माझी पाळी कधी आलीच नव्हती, “ताई, एक शेवटची रेस” म्हणत भाऊ रात्र करायचा. व्हिडिओ कॉलवर मोबाइल मॉनिटरला टेकवून ठेवला होता आणि भाऊ तिकडून “हँडब्रेक! अगं हँडब्रेक!” असं ओरडत होता. पोलिसांच्या चार गाड्यांनी मला पुलाखाली घेरलं. दंड भरला, गाडीच्या नावावर एक खूण पडली. अशा तीन पडल्या की गाडी जप्त होते म्हणे. बाबा मागे उभे राहून बघत होते, त्यांनी विचारलं, “दंडाची पावती मिळते का?”