दाराजवळची घंटा

घरात वयस्कर माणूस आणि कुत्रा एकत्र राहत असतील, तर कुत्र्याची लघुशंका हा केवळ स्वच्छतेचा प्रश्न राहत नाही. ओल्या फरशीवर घसरून खुब्याचे हाड मोडले, तर उतारवयात पुन्हा पायांवर उभे राहणे कठीण होते. वाडीतील आमच्या घरी गेल्या वर्षी हा प्रसंग थोडक्यात टळला. पहाटेच्या अंधारात आईचा पाय शेरूने ओल्या केलेल्या फरशीवर सरकला. हाती दाराची चौकट लागली, म्हणून मनगट सुजण्यावर निभावले.

कुत्रा कुणाला तरी देऊन टाका, असा सल्ला चहूबाजूंनी आला. आईचे वय ७८. वडील गेल्यानंतर पहाटे उठण्याला, अंगणात चार पावले चालण्याला आणि कुणाशी तरी बोलण्याला शेरू हेच निमित्त उरले होते. त्याला दूर करणे म्हणजे तिचा दिनक्रमच हिरावून घेणे होते. शिवाय तो दाराशी जाऊन हळूच कुंईकुंई करीतच असे. अमरावती मार्गावरील मालट्रकांच्या घरघरीत ते आईपर्यंत पोहोचत नसे.

मग त्याला दाराजवळची घंटा वाजवायला शिकवायचे ठरले. आईने आधी घुंगरे हलवून पाहिली आणि नापसंतीने मान हलवली. वयोमानाने श्रवणशक्ती उणावते ती बहुधा उंच पट्टीच्या स्वरांपासून. बारीक किणकिण तरुण कानांना स्पष्ट ऐकू येते, वृद्ध कानांना ती निसटते. अखेर गावाकडून, पोळ्याला बैलाच्या गळ्यात बांधण्याची जुनी पितळी घंटा आली. तिचा भरदार टोला आईला स्वयंपाकघरातही ऐकू गेला.

शिकवणी आईनेच घेतली. प्रथम घंटा हातात धरायची. शेरूने नाक लावले की लगेच शाबासकी आणि उकडलेल्या चिकनचा लहानसा तुकडा. हे जमल्यावर घंटा त्याच्या नाकाच्या उंचीवर दाराशी टांगली. प्रत्येक वेळी बाहेर जाण्यापूर्वी त्याने ती वाजवायची, दार तत्काळ उघडायचे आणि त्याला ठरलेल्या जागीच न्यायचे. त्या फेरीत खेळ नाही, अन्यथा घंटा खेळासाठीही वाजू लागते. चुकून घरात झाले तर रागवायचे नाही. रागावल्याने कुत्रा लपून करू लागतो, एवढेच. रशियन शास्त्रज्ञ पाव्हलॉव्ह यांच्या प्रयोगांत माणसाने आवाज केला की कुत्र्याच्या तोंडाला लाळ सुटे. आमच्याकडे कुत्रा आवाज करतो आणि माणूस उठतो! दोन आठवड्यांत त्याला हे साधले.

घंटा ऐकून घाईने धावणे मात्र धोक्याचे. त्यासाठी आईची काठी, न घसरणाऱ्या चपला आणि दिव्याचे बटण दाराच्या वाटेवरच ठेवले आहे. नागपूरच्या उन्हाळ्यात दुपारी बाहेर पडण्यापूर्वी ती जमिनीला तळहाताची पाठ लावून पाहते. आपल्याला सोसवत नसेल, तर त्याच्या पंज्यांनाही सोसणार नाही.

आई दिनदर्शिकेवर घंटेच्या खुणाही करते. पावसाळ्यात एकाएकी पाचांच्या नऊ खुणा झाल्या. पशुवैद्यांनी तपासले, तेव्हा मूत्रमार्गाचा संसर्ग निघाला आणि वेळेवर उपचार झाले. सवय लागलेला कुत्रा वारंवार बाहेर जाऊ लागला किंवा फार पाणी पिऊ लागला, तर शिस्त बिघडली असे न समजता त्याला तपासून घ्यावे.

ज्या घरात रुग्ण अंथरुणाला खिळला आहे, तेथेही उशाशी घंटा असते. ती आपण रुग्णाच्या हाताला जमेल अशी निवडतो, आणि ते योग्यच. पण रात्री उठणारा सोबती अनेकदा तितकाच वयस्कर असतो. म्हणून निजण्याच्या खोलीत त्याला बसवून, दार लोटून, ती एकदा वाजवून पाहावी. हाक कितीही शिकवली, तरी ती ऐकणाऱ्याच्या कानाला मानवणारी हवी.