कॅमेरा गुंड्याभाऊवर असताना

दोघांच्या जोडीत बोलणारा लक्षात राहतो आणि ऐकणारा विसरला जातो. ‘चिमणराव गुंड्याभाऊ’ या मालिकेत तसं झालं नाही. त्याचं श्रेय बाळ कर्वे यांचं आहे, आणि माझ्या मते ते त्यांच्या पदरात अजून पुरतं पडलेलं नाही.

मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झालं. त्याच दशकाच्या उत्तरार्धात चिं. वि. जोशी यांच्या कथांवरची ही मालिका घरोघरी पोचली. चिमणराव दिलीप प्रभावळकर, गुंड्याभाऊ बाळ कर्वे. कर्वे पेशाने स्थापत्य अभियंते, नोकरी मुंबई महापालिकेत. दिवसा कचेरी, संध्याकाळी तालीम. पार्ल्यात ‘किलबिल’ या बालरंगमंचासाठीही ते खपत होते. मराठी टीव्हीची पहिली पिढी अशा नोकरदार नटांनी उभी केली. अभिनयावर पोट नसल्यामुळे भूमिका निवडायला त्यांना उसंत होती.

आव्हान साधं नव्हतं. ‘सरकारी पाहुणे’सारख्या चित्रपटांतून दामूअण्णा मालवणकर आणि विष्णुपंत जोग यांनी ही जोडी आधीच गाजवली होती. शिवाय गुंड्याभाऊ म्हणजे अंगाने भक्कम, बोलायला रोखठोक, चटकन हातघाईवर येणारा. असा माणूस रंगवताना आवाज चढवायचा मोह होतोच, आणि नाटकात तो खपूनही जातो.

स्टुडिओत खपत नाही. तिथे प्रसंग सलग चालतो, दोन-तीन कॅमेरे एकाच वेळी सुरू असतात आणि कंट्रोल रूममध्ये पॅनलवर बसलेला माणूस कोणत्याही क्षणी एका कॅमेऱ्यावरून दुसऱ्यावर कट घेतो. पुढचं चित्र आपलं असेल की समोरच्याचं, हे नटाला कळत नाही. वाक्य संपलं म्हणून जो नट सैल पडतो, तो तिथे उघडा पडतो. कर्वे सैल पडत नसत. चिमणराव कापऱ्या आवाजात आपली अडचण रंगवून सांगत असताना गुंड्याभाऊ मध्ये काहीही ‘करत’ नाही. नजर रोखून ऐकतो, मान जरा ताठ होते, आणि बोलायच्या आधीच त्याचा निर्णय आपल्याला कळलेला असतो. चिमणरावाचा भित्रेपणा खरा वाटतो तो या ठाम शरीराला टेकल्यामुळे. दोघांपैकी एकानेही दुसऱ्याचा हशा ओढून घेतला नाही, ही तर दुर्मीळच गोष्ट.

१९७९ मध्ये याच जोडीला घेऊन चित्रपट निघाला. पुढे कर्व्यांनी ‘स्वामी’ मालिकेत गंगोबा तात्या केला, ‘महाश्वेता’त काम केलं, रंगभूमीवर ‘रथचक्र’, ‘आई रिटायर होते’ अशी नाटकं केली. गंगोबा तात्या हा आतल्या गाठीचा मुत्सद्दी, गुंड्याभाऊच्या नेमका उलट. तरीही लोक त्यांना गुंड्याभाऊ म्हणूनच हाक मारत राहिले. ऑगस्ट २०२५ मध्ये ते गेले, तेव्हाही बहुतेक बातम्यांत आधी गुंड्याभाऊ होता, मग कर्वे.

त्या काळच्या दूरदर्शनच्या कित्येक टेपा पुन्हा वापरण्यासाठी पुसल्या गेल्या. या मालिकेचे जे भाग हाती लागतील, ते अभिनयाच्या वर्गात दोनदा दाखवावेत. पहिल्यांदा मुलं प्रभावळकरांकडे बघतील, बघूही द्यावं. दुसऱ्यांदा त्यांना फक्त कर्व्यांवर नजर ठेवायला सांगावं.