दिव्यावरचे पतंग

कोलोरॅडोला जाणारी आपली मंडळी डेन्व्हरला उतरतात, गाडी भाड्याने घेतात आणि थेट रॉकी माउंटन नॅशनल पार्क गाठतात. वाटेत बोल्डर लागतं. पर्ल स्ट्रीटवर कॉफी प्यायची, फ्लॅटआयर्न्सच्या तांबूस कड्यांसमोर फोटो काढायचा, की झालं बोल्डर! आमचाही बेत तोच होता. पण "मी फिल्म शिकणार" म्हणणारी कन्या बरोबर होती. तिच्या हट्टापायी एक दुपार युनिव्हर्सिटी ऑफ कोलोरॅडोच्या आवारात गेली.

इथे स्टॅन ब्रॅकेज १९८१ पासून वीसेक वर्षं शिकवत होता. आपल्यापैकी फार थोड्यांनी हे नाव ऐकलं असेल. 'साउथ पार्क' मात्र मुलांमुळे घराघरांत माहीत आहे. ते काढणारे दोघेही याच विद्यापीठातले. त्यांची १९९२ची एक फिल्म कागदाचे तुकडे कापून केलेली होती.

ब्रॅकेजची 'मॉथलाइट' १९६३ची. जेमतेम तीन-चार मिनिटांची, मूक, आणि कॅमेऱ्याशिवाय केलेली! पतंग दिव्यावर झेप घेतो, हे आपल्याकडे प्रेमाचं रूपक. ब्रॅकेजला त्यात स्वतःची गत दिसली. फिल्मपायी पैसा उरत नव्हता, मुलांना धड खायला घालता येत नव्हतं. मग त्याने मेलेल्या पतंगांचे पंख, पाकळ्या, गवताची पाती गोळा केली आणि दोन पारदर्शक चिकटपट्ट्यांमध्ये बसवली. ती पट्टी लॅबमधून छापून आणली, की फिल्म तयार. एकेक पंख कित्येक चौकटींवर पसरलेला. त्यामुळे प्रत्येक चौकटीत त्याचा निराळाच तुकडा येतो, आणि पडद्यावर मेलेले पंख फडफडू लागतात.

आता तुम्ही म्हणाल, हे कसले वेड? पण आपल्या दादासाहेब फाळक्यांनी तरी काय केलं? कुंडीत वाटाणा पेरला आणि तो उगवताना थोडं थोडं चित्रण करून 'अंकुराची वाढ' दाखवली. 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) त्यानंतरचा. १९१५ साली त्यांनी आगकाड्याही नाचवल्या. पैशाची ओढाताण त्यांच्याही घरी होतीच. सरस्वतीबाईंचे दागिने त्यातच गेले.

ब्रॅकेज पुढे फिल्मवर थेट रंगवू लागला, ओरखडू लागला. त्या रंगांमुळेच आपल्याला कर्करोग झाला, असं त्याला वाटे. २००३ साली तो गेला. शेवटच्या आजारपणातही थुंकीने फिल्म ओली करून तो नखांनी चित्रं कोरत होता.

हे ऐकल्यावर आईबापांच्या पोटात गोळा येणारच. आपण दोन बॅगा घेऊन इथे आलो ते मुलांना अशी ओढाताण नको म्हणून. सौ.ने गाडीत विचारलंच, "आणि इन्शुरन्सचं काय गं?" कन्येकडे उत्तर नव्हतं. माझ्याकडेही नव्हतं. पण पंख फडफडलेले मी पाहिले होते, त्यामुळे "नको" हा शब्द काही तोंडातून निघेना.

बोल्डरला गेलात तर पार्काआधी एक दुपार इथे काढा. निदान 'बाय ब्रॅकेज' हा २००३ साली निघालेला डीव्हीडी संच मिळवून मुलांबरोबर बसून पाहा.