हिरोच्या मनातलं प्रकरण

प्रेमकथा वाचणाऱ्या बाईला कुणी गंभीरपणे घेत नाही. आमच्या घरीही तेच. दुपारची भांडी आवरली की आई बाबा कदम नाहीतर शैलजा राजे घेऊन बसायची. वडील विचारायचे, "अजून संपलं नाही का तुझं प्रेमप्रकरण?" ती मान वर न करता म्हणायची, "चहाला वेळ आहे अजून."

एम.ए.ला असताना जॅनिस रॅडवे या अमेरिकन अभ्यासिकेचं 'रीडिंग द रोमान्स' वाचलं, आणि आईच्या त्या उत्तराचा अर्थ लागला.

पुस्तक १९८४ सालचं. रॅडवे तेव्हा पेनसिल्व्हेनिया विद्यापीठात शिकवत होत्या. लोकप्रिय कादंबऱ्यांवर टीका करणारे बहुतेक जण फक्त कादंबऱ्या वाचत. रॅडवे थेट वाचणाऱ्या बायकांकडे गेल्या. गावाचं खरं नाव लपवून त्यांनी त्याला 'स्मिथटन' म्हटलं. तिथल्या पुस्तकाच्या दुकानात काम करणारी 'डॉट' (हेही बदललेलंच नाव) बायकांना कुठली प्रेमकथा घ्यावी आणि कुठली टाळावी ते सांगायची. तिच्या सल्ल्यावर विसंबणाऱ्या ४२ जणींनी रॅडवेंना प्रश्नावली भरून दिली.

रॅडवे विचारत होत्या गोष्टीबद्दल. बायका पुन्हा पुन्हा बोलत होत्या वाचण्याबद्दल. पुस्तक उघडलं की नवरा-मुलांना कळतं, आत्ता हिला हाक मारायची नाही. दिवसभर सगळ्यांचं करणाऱ्या बाईचा तेवढाच वेळ तिचा स्वतःचा. म्हणजे आईचं 'चहाला वेळ आहे अजून' हे वाक्य चहाबद्दलचं नव्हतंच.

पण रॅडवे इथे थांबत नाहीत, म्हणून मला त्या आवडतात. वाचणं हा छोटासा विरोध असला, तरी वाचली जाणारी गोष्ट काय शिकवते? नायक तुसडा असतो, अपमान करतो. शेवटी कळतं की त्याचं प्रेम होतंच, फक्त त्याला दाखवता येत नव्हतं. मग त्याच्या आधीच्या सगळ्या वागण्याला माफी मिळते. बाई दोन तास मोकळी होते आणि पुन्हा त्याच घरात, त्याच कामाला लागते.

पुढे १९९१च्या आवृत्तीला लिहिलेल्या नव्या प्रस्तावनेत रॅडवेंनी स्वतःचीही झडती घेतली : 'आपण' स्त्रीवादी अभ्यासक आणि 'त्या' वाचक, अशी भिंत आपल्या मांडणीत उभी राहिली का?

ही भिंत मला वर्गात रोज दिसते. मी कॉलेजात मराठी शिकवते. माझ्या विद्यार्थिनी फोनवर प्रतिलिपीवरच्या कथामालिका वाचतात आणि मी जवळ गेले की स्क्रीन बंद करतात. 'मॅडमचं साहित्य' वेगळं आणि 'आमचं' वेगळं, हे त्यांनी गृहीत धरलेलं असतं.

गेल्या वर्षी तिसऱ्या वर्षाची एक मुलगी तास संपल्यावर थांबली. तिच्या घरी स्थळं बघणं चालू होतं. एका मुलाने पहिल्याच फोनवर तिला फेसबुकवरचे फोटो काढून टाकायला सांगितलं होतं. ती म्हणाली, "मॅडम, स्टोरीतला हिरोही सुरुवातीला असाच असतो ना? मग नंतर बदलतो."

"असलं काही वाचू नकोस" म्हणणं सोपं होतं. पण मग तिने फक्त स्क्रीन आणखी लवकर बंद केली असती. मी म्हटलं, "तुझी आवडती स्टोरी काढ. त्यात हिरोच्या मनात काय चाललंय ते सांगणारे जेवढे भाग आहेत, तेवढे वगळ आणि उरलेली वाच."

पुढच्या आठवड्यात हाच प्रयोग सगळ्या वर्गाने केला. उरलेल्या गोष्टीत एक माणूस होता. तो मनगट पिरगळत होता, फोन तपासत होता, जेवणाचं ताट सरकवून उठून जात होता. मुली आधी हसल्या. मग एकजण म्हणाली, "अरे, हा तर साधा त्रास देणारा माणूस आहे."

पुस्तकातल्या नायकाचं मन लेखिका आपल्याला उघडून दाखवते. स्थळ म्हणून आलेल्या मुलाचं तसं प्रकरण कुठल्याही ॲपवर मिळत नाही. आपल्याला दिसतं ते फक्त त्याचं वागणं. ठरवायचं ते तेवढ्यावरूनच.

त्या मुलीने फोटो काढले नाहीत. स्थळ गेलं. घरचे महिनाभर धुसफुसत होते. ती अजूनही त्या मालिका वाचते. आता मला लिंकसुद्धा पाठवते. परवाच्या लिंकखाली तिने लिहिलं होतं : "मॅडम, यातला हिरो पहिल्या भागापासून नीट बोलतो. तरी बोअर होत नाही, बघा वाचून."