टाळ्या कुणाच्या?

पूर्वी थिएटरात सिनेमाच्या आधी फिल्म्स डिव्हिजनचं वृत्तचित्र लागायचं. कोनशिला, हार, धरणाच्या भिंतीवरून रांगेनं चालणारे मंत्री. तेवढ्यात आम्ही शेंगदाणे घेऊन यायचो. तसलंच चित्रण मी परवा सलग तीन तास, जागचा न हलता पाहिलं.

आंद्रेई उजिका या रुमानियन दिग्दर्शकाचा हा माहितीपट २०१० चा. निकोलाय चाउशेस्कूचं 'आत्मचरित्र' असं त्याचं नाव. निवेदन नाही, मुलाखती नाहीत. १९६५ पासून १९८९ पर्यंत सरकारी कॅमेरे रुमानियाच्या या हुकूमशहामागे फिरले, त्याच रिळांतून जवळजवळ सगळं जुळवलेलं. नावातला खवचटपणा मला फार आवडला. चित्रण त्याच्याच राजवटीनं केलेलं, मग लेखकही तोच!

अमेरिकेचे अध्यक्ष निक्सन बुखारेस्टला येतात, लंडनला ब्रिटनची राणी पाहुणचार करते. मध्येच साहेब व्हॉलीबॉल खेळतात, तेही अगदीच यथातथा. आणि एक दुकान: साहेब पाहणीला आलेत, फळ्या पावांनी गच्च. ऐंशीच्या दशकात परदेशी कर्ज फेडायला अन्नधान्य निर्यात होत होतं आणि लोकांना पाव रेशनवर मिळत होता. चित्रपट हे सांगत नाही. जे त्या रांगांत उभे राहिले त्यांना सांगायची गरजही नसेल. पण माझ्यासारख्या परक्याला, आधी चार पुस्तकं चाळली नसती, तर ते नुसतं भरलेलं दुकानच वाटलं असतं.

शिवाय बरीचशी रिळं मुकी होती. पावलं, कुजबुज, गर्दीचा गलका नंतर भरलाय. हे कळल्यापासून मी टाळ्या संशयानं ऐकतो. निवेदक नाही म्हणून दिग्दर्शक गप्प आहे, असं थोडंच?

१९७९ च्या पक्षकाँग्रेसमध्ये पार्व्हुलेस्कू नावाचा चौऱ्याऐंशी वर्षांचा जुना कम्युनिस्ट उठतो आणि चाउशेस्कूच्या फेरनिवडीला सरळ विरोध करतो. सभागृह उभं राहून घोषणा देतं, टाळ्यांचा कडकडाट करतं. म्हाताऱ्याचा आवाज त्यात बुडतो. तो भाग मी तीनदा मागे नेऊन पाहिला.

चित्रपट सुरू होतो आणि संपतो तो तर्गोविश्तेच्या लष्करी छावणीत, डिसेंबर १९८९ मध्ये, सत्ता गेलेल्या चाउशेस्कूवरच्या खटल्यात. साधी खोली, साधं टेबल, अंगात ओव्हरकोट. हा कॅमेरा त्याचा नाही. प्रश्नांना उत्तर द्यायला तो नकार देतो. उत्तर फक्त राष्ट्रीय संसदेपुढे देईन म्हणतो. शेजारी त्याची बायको एलेना. तो तिच्या हातावर हात ठेवतो. टाळ्या वाजवायला खोलीत कुणी नाही.