ताळेबंद वाचणारा साक्षीदार

१/ आमच्या घरातील लोखंडी ट्रंकेत आजोबांचे दोन कागद आहेत. गावातील एका पतसंस्थेची मुदतठेवीची पावती आणि त्याच संस्थेचा वार्षिक अहवाल. मुखपृष्ठावर ठळक अक्षरांत ‘लेखापरीक्षण वर्ग अ’ असे छापले आहे. पुढच्याच वर्षी संस्थेला टाळे लागले. ठेव परत मिळाली नाही.

२/ इतिहासाची विद्यार्थिनी असूनही मला हे कागद कधी ‘साधने’ वाटले नव्हते. ती दृष्टी दिली एका माहितीपटाने. २००८ च्या जागतिक आर्थिक अरिष्टाचा शोध घेणारा, चार्ल्स फर्ग्युसन यांचा ‘इनसाइड जॉब’ (२०१०).

३/ फर्ग्युसन मूळचे चित्रपटकार नव्हेत. गणिताची पदवी, एमआयटीतून राज्यशास्त्रात पीएचडी, मग तंत्रज्ञान कंपन्यांना सल्ला देण्याचा व्यवसाय. त्यांच्या सहभागाने उभी राहिलेली सॉफ्टवेअर कंपनी १९९६ मध्ये मायक्रोसॉफ्टने विकत घेतली. कॅमेऱ्याकडे ते त्यानंतर वळले. व्यवहाराची भाषा त्यांना आतून ठाऊक होती.

४/ चित्रपट सुरू होतो आइसलँडमध्ये. जेमतेम तीन लाख वस्तीचा देश. ऑक्टोबर २००८ मध्ये त्याच्या तिन्ही मोठ्या बँका कोसळल्या. त्याआधी, २००६ मध्ये, कोलंबिया विद्यापीठाचे फ्रेडरिक मिश्किन यांनी एका सहलेखकासह तेथील वित्तीय ‘स्थैर्या’वर अहवाल लिहिला होता. त्यासाठी आइसलँडच्या व्यापारी मंडळाने मिश्किन यांना १,२४,००० डॉलर दिले होते.

५/ फर्ग्युसन त्यांना कॅमेऱ्यासमोर विचारतात, की तुमच्या कार्यपरिचयात याच अहवालाचे शीर्षक ‘अस्थैर्य’ असे कसे झाले? ती मुद्रणातील चूक असावी, असे उत्तर येते. फर्ग्युसन आवाज चढवत नाहीत. त्यांनी दोन्ही कागद आधीच ताडून पाहिलेले असतात.

६/ राजवाड्यांनी आपल्याला बखरीपेक्षा अस्सल कागदावर विसंबायला शिकवले. परंतु कागद अस्सल असणे आणि त्यातील विधान खरे असणे या भिन्न गोष्टी आहेत. तो कोणी लिहिला, कोणाच्या पैशाने आणि कोणासाठी, हे विचारल्यावाचून साक्ष पुरी होत नाही.

७/ २०११ मध्ये चित्रपटाला ऑस्कर मिळाले. अरिष्टाला तीन वर्षे होत आली तरी एकही वित्तीय अधिकारी तुरुंगात गेलेला नाही, याची आठवण फर्ग्युसन यांनी त्याच मंचावरून करून दिली. जानेवारी २०१२ मध्ये अमेरिकन अर्थशास्त्र संघटनेने आपल्या नियतकालिकांत लिहिणाऱ्यांना आर्थिक हितसंबंध उघड करण्याचे नियम लागू केले.

८/ मी सध्या ताळेबंद वाचायला शिकते आहे. आजोबांच्या अहवालात, अगदी शेवटच्या पानांत, ‘संचालक व त्यांचे नातेवाईक यांचेकडील येणे कर्ज’ असे एक परिशिष्ट आहे. रक्कमही स्पष्ट छापलेली आहे. आजोबा शाळामास्तर होते. ती ओळ त्यांना वाचता येत होती. ती वाचायची असते, एवढेच त्यांना कोणी सांगितले नव्हते.