एका टगची सेवापुस्तिका

वाचकहो, कारकुनी करता करता आम्ही शेकडो सेवापुस्तिका भरल्या. नेमणूक, बदली, रजा, निवृत्ती. साहेबांच्या पुस्तिका जाडजूड, शिपायांच्या दोन-चार पानांच्या. पण खात्यात खरे ओझे कोणी ओढले, हे त्या जाडीवरून कळत नाही. म्हणूनच अमेरिकन नौदलातील एका टगची नोंद वाचताना आमचे मन तिथेच थांबले.

टग म्हणजे मोठ्या जहाजांना ओढून-ढकलून धक्क्याला लावणारी छोटी बोट. हिचे नाव ‘होगा’. आम्हाला आधी हसूच आले; कचेरीत कोणतेही काम विचारा, उत्तर हेच! पण सू या तेथील मूळनिवासी लोकांच्या भाषेत होगा म्हणजे मासा. लांबी 100 फूट. न्यूयॉर्कमध्ये बांधलेली ही टग मे 1941 मध्ये सेवेत दाखल झाली आणि हवाई बेटांतील पर्ल हार्बर बंदरात कामाला लागली.

7 डिसेंबर 1941 च्या सकाळी जपानी विमानांनी त्या बंदरावर बाँब टाकले. ‘ॲरिझोना’ युद्धनौकेवर 1,177 माणसे मेली. तिला खेटून दुरुस्तीचे जहाज ‘व्हेस्टल’ उभे होते, तेही पेटले. होगाने त्याला ओढून बाजूला काढले. तेवढ्यात घायाळ ‘नेवाडा’ बंदराच्या तोंडाशी येत होती. लांबी 583 फूट! ती तिथे बुडती तर वाटच बंद. होगाने दुसऱ्या टगच्या जोडीने तिला चिंचोळ्या वाटेतून हलवून कडेला लावले. मग ॲरिझोनाची व इतर जहाजांची आग विझवली. हे काम सुमारे 72 तास चालले. टगवर हुकूम जोसेफ मॅकमॅनस यांचा. हुद्दा चीफ बोट्सवेन्स मेट, म्हणजे सनदी अधिकारी नव्हेच. 1942 मध्ये ॲडमिरल निमिट्झ यांनी होगाच्या खलाशांची लेखी प्रशंसा केली. वरच्यांनी खालच्यांसाठी कागद काढला, ही नोंद आम्ही दोनदा वाचली.

युद्ध संपल्यावर 1948 मध्ये होगा कॅलिफोर्नियातील ओकलंड शहराकडे उसनवारीवर गेली आणि चाळीस वर्षांहून अधिक काळ तेथील अग्निशामक नौका राहिली. 1989 मध्ये तिला राष्ट्रीय ऐतिहासिक वास्तूचा दर्जा मिळाला. नौदलाकडे परतल्यावर मात्र जुन्या जहाजांच्या रांगेत नुसतीच उभी!

2005 मध्ये आर्कान्सा राज्यातील नॉर्थ लिटल रॉक शहराच्या संग्रहालयासाठी तिची मालकी देण्यात आली. प्रत्यक्षात ती तिथे पोचली नोव्हेंबर 2015 मध्ये. बदलीचा हुकूम निघून हजर व्हायला दहा वर्षे! असा शेरा आमच्याही वहीत अजून पडलेला नाही.